वरच्या खाचरातलं पाणी

शुक्रवार, ९

पाणीखात्यात चौतीस वर्षं फिटर होतो. आज कुठे गळती निघाली, कुठला जोड बदलला, हे रोज संध्याकाळी वहीत लिहायचं. निवृत्त झालो, पाना-पेटी गेली, वही राहिली. आता गळत्या नाहीत म्हणून घरातलं लिहितो. आमची ही विचारते, "माझ्याबद्दल काय लिहिलंय त्यात?" मी म्हणतो, "दाब जास्त, बाकी लाइन ठीक."

उद्या पहाटे निघायचंय. मी आणि जावई, दोघंच. डोंगरात भातशेतीच्या पायऱ्या आहेत म्हणे, एकाखाली एक, अगदी दरीपर्यंत. त्यातून चालत जायचं आणि गावात कुणाच्या तरी घरी चार दिवस राहायचं. ही अक्कल माझी नाही, जावयाचीही नसावी. सगळं हिने ठरवलं. मी म्हटलं, "सासरा आणि जावई सहलीला? लोक तोंडात बोटं घालतील." ही म्हणाली, "घालू देत. त्यांची बोटं, त्यांचं तोंड. तुम्ही तिथे गेल्यावर कान तेवढे उघडे ठेवा आणि तोंड बंद."

मी काय दूधखुळा आहे? मला सगळं कळतं. आमची लेक जाऊन दोन वर्षं झाली. तेव्हापासून नात आमच्याकडे आहे. एका जागी बसेल तर शपथ, म्हणून तिला भिंगरी म्हणतो. नऊ वर्षांची आहे. जावई शहराच्या दुसऱ्या टोकाला दोन खोल्यांत राहतो. दातांच्या डॉक्टरांना कवळ्या बनवून देतो. शनिवारी संध्याकाळी येतो, रविवारी परत. हल्ली आला की काहीतरी बोलायचं असल्यासारखा खुर्चीच्या टोकावर बसतो, चहा पार थंड करतो आणि काही न बोलता जातो.

तो पोरीला मागणार. शाळेचं वर्ष संपत आलंय, आता नाही तर कधी? तो मागणार आणि मी नाही म्हणणार. बाप आहे तो, हे मलाही समजतं. पण त्या दोन खोल्यांत, त्या प्लास्टरच्या भुकटीत पोर ठेवायची? सकाळी वेणी कोण घालणार? पाढे कोण घेणार? चार मुद्दे काढून ठेवलेत. डोंगरात विषय निघालाच तर एकेक करून मांडीन.

ती गेली तर आमच्या घरात नळाच्या आवाजाशिवाय काही उरणार नाही. हा मुद्दा मात्र त्याच्यापुढे मांडणार नाही.

रविवार, ११

कालचा दिवस बसमध्ये गेला, त्यात लिहिण्यासारखं काही नाही. पुढच्या सीटवरची बाई दिवसभर शेंगा खात होती आणि टरफलं माझ्या बुटात पडत होती, एवढंच.

आज सकाळी बसने रस्ता संपतो तिथे सोडलं. पुढे तीन तास चढण. घरधनीण स्वतः आम्हाला न्यायला आली होती. चाळिशीची, काटक बाई. डोक्यावर तेलाचा डबा, पायात साध्या चपला, आणि आम्ही दोघं नवेकोरे बूट घालून तिच्या मागे धापा टाकतोय. जावयाने न विचारता माझी पिशवी खांद्याला लावली. मी काढून घेतली. अर्ध्या तासाने त्याने परत घेतली, तेव्हा मी काही बोललो नाही. गुडघा बोलत होता.

खिंड ओलांडली आणि समोर ते दिसलं. खरं सांगतो, मी गुडघा विसरलो. डोंगराला वरपासून खालपर्यंत खाचरं, एकेका खाचरात आरशासारखं पाणी. पंप नाही, पाइप नाही, व्हॉल्व्ह नाही. वर एक झरा आहे, तेवढ्यावर सगळा डोंगर पिकतो. पावसाला अजून अवकाश आहे, हा उन्हाळी भात. आम्ही चौतीस वर्षं पाणी वर चढवण्यात हाडं झिजवली. इथे ते आपलं आपण उतरतंय. मी तिथेच उभा राहून जावयाला ग्रॅव्हिटी लाइन समजावून सांगितली. त्याने ऐकून घेतलं. सगळं ऐकून घेतो, हा त्याचा एक गुण आहे.

घर लाकडी, माडीवर आमची खोली. दोन खाटा, एक कंदील, खिडकीखाली लगेच घरधन्याचं खाचर. घरधनी अबोल. आम्हाला बघून हसला, पाण्याचा तांब्या दिला, आणि कामाला गेला. जेवायला भात, पालेभाजी, अंडी. भात तर असा गोड की नुसता खाल्ला.

फोन लागत नाही. गोठ्यामागे एक मोठा दगड आहे, त्यावर उभं राहिलं तरच लागतो. जावई संध्याकाळी त्या दगडावर चांगला अर्धा तास उभा होता. आला तेव्हा चेहरा लालबुंद. विचारलं, "घरून होता का?" म्हणाला, "नाही. डॉक्टरीणबाईंचा होता." ही एक दातांची डॉक्टरीण आहे, जावई तिच्या कवळ्या करतो. भिंगरीची किडलेली दाढ तिनेच काढली होती, पोर रडलीसुद्धा नाही. बाई हुशार असेल, पण सुट्टीवर गेलेल्या माणसाचा किती पिच्छा पुरवावा? कवळ्या काय पळून जाणार आहेत?

मग लक्षात आलं. तोंड लाल, जेवणात लक्ष नाही, आणि दातांच्या डॉक्टरशी अर्धा तास बोलणं. दाढ ठणकत असणार. मी पिशवीतून लवंग काढून दिली. "ही कशाला, बाबा?" म्हणाला. म्हटलं, "धरा दाढेखाली, लाजू नका." त्याने माझ्याकडे थोडा वेळ पाहिलं आणि मुकाट्याने धरली.

सोमवार, १२ (सकाळी)

लवकर जाग आली. जावई घोरत होता. खिडकीतून पाण्याचा आवाज येत होता, आणि तो आवाज मी झोपेतही ओळखतो. खाली जाऊन पाहिलं तर घरधन्याच्या खाचराच्या बांधाला खालच्या बाजूने हातभर रुंद भोक. त्यात दोन दगड टाकलेत, एक बांबूची फाक अडकवली आहे, आणि त्यावरून पाणी अखंड खाली पडतंय. कुणीतरी बुजवायचा अर्धवट प्रयत्न करून सोडलेला. रात्रभर किती गेलं असेल! भल्या माणसाला वेळ झाला नसेल.

घरधनी उजाडायच्या आत पलीकडच्या डोंगरावर लावणीला गेला होता. म्हटलं, आपण चार दिवस यांच्या घरी खातोय, एवढं तर करू. सपाट दगड उभा बसवला, गोठ्याजवळचं गोणपाट दुमडून मागे दाबलं, त्यावर चिकणमाती थापली. नुसता चिखल फासून चालत नाही, थरावर थर द्यावा लागतो. दहा मिनिटांत थेंब बंद. हात अजून विसरले नाहीत म्हणायचे.

कुणाला सांगितलं नाही. कशाला मोठेपणा? घरधनी येईल आणि बघेल.

सोमवार, १२ (संध्याकाळी)

आजचं लिहायला नको वाटतंय, पण काम केलं की नोंद.

घरधनीण आम्हाला घेऊन वरच्या सुळक्यापर्यंत गेली होती. येताना ती लाकडं गोळा करायला थांबली आणि आम्ही दोघं एका खडकावर बसलो. जावई म्हणाला, "बाबा, एक बोलायचं होतं." मी म्हटलं, "आधी पाणी प्या." तो पाणी प्याला. म्हणाला, "भिंगरीबद्दल आहे, आणि माझ्याबद्दलही." मी म्हटलं, "हे समोरचं झाड कसलं असेल हो?" त्याने झाडाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि म्हणाला, "माहीत नाही." तेवढ्यात घरधनीण आली. सुटलो, असं वाटलं. चारही मुद्दे पाठ केले होते आणि मला एकही आठवत नव्हता.

चार वाजता उतरलो तर घराखाली माणसं जमलेली. घरधन्याचा बांध फुटला होता. सकाळी भोक होतं तिथे नाही, त्याच्या शेजारी, चांगला दोन हात तुकडा खाली बसला होता. पाण्याला वाट नाही म्हणून ते दिवसभर साठत गेलं आणि जिथे माती कच्ची तिथून फोडून निघालं. सगळा चिखल खालच्या खाचरात. त्या खाचरात कालच लावणी झाली होती. बोटभर उंचीची हिरवी रोपं, आणि आता अर्ध्या खाचरावर गाळ.

खालच्या खाचराची मालकीण एक म्हातारी आहे, सगळे तिला आजीच म्हणतात. दुपारी तिच्याकडचं पाणी थांबलं म्हणून ती काठी टेकत बघायला वर निघाली, आणि ती पोचायच्या आत बांध बसला. चार पावलं आणखी आली असती तर? हे डोक्यातून जात नाही.

घरधनी गाळात हात घालून बघत होता. "खेकड्यांनी पोखरला असेल," म्हणाला. मी गप्प. मग त्याच्या हाताला गोणपाट लागलं. त्याने ते वर धरलं, त्याच्याच गोठ्यातलं. तरीही मी गप्प. साठी उलटलेला माणूस, आणि पाचवीतल्या पोरासारखा उभा.

जावयाने माझ्या नखांकडे पाहिलं. मग पुढे होऊन म्हणाला, "आमच्याकडून झालं हे."

आमच्याकडून! तो तर तेव्हा घोरत होता. मला शरम वाटली. मी म्हटलं, "यांच्याकडून नाही. मी बुजवलं. मला वाटलं गळती आहे."

कुणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. घरधनी एवढंच म्हणाला, "ते पाण्याचं तोंड होतं. वरच्याने चार बोटं पाणी ठेवायचं आणि बाकीचं खाली सोडायचं. तसंच खालच्याने त्याच्या खालच्याला." मी भरपाईची गोष्ट काढली तर हात हलवून नाही म्हणाला. "बांध मी घालतो. खालचं तुम्ही बघा. झालं की नाही ते आजी सांगेल." इथे अशीच रीत दिसते. खालच्याचं नुकसान भरलं की नाही, हे वरचा ठरवत नाही.

मंगळवार, १३

दिवसभर गाळ. आजच पुढच्या गावी चालत जायचं होतं, ते रद्द. जावयाला म्हटलं, "तुम्ही जाऊन या, माझं पाप मी निस्तरतो." त्याने पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि माझ्याआधी खाचरात उतरला.

फावडं चालत नाही, खालची रोपं तुटतात. हाताने गाळ उचलायचा, टोपलीत भरायचा, वर नेऊन घरधन्याला द्यायचा. तो त्याच मातीने बांध घालतोय. गाळाखाली रोप सापडलं की अलगद काढून पाण्यात धुवायचं आणि सावलीत ठेवायचं. जावयाची बोटं या कामाची. दिवसभर मेणात दात बसवणारा माणूस तो. माझी बोटं पान्याला सवकलेली. मी एक रोप वाचवलं की तो दहा वाचवतो.

आजी बांधावर बसून लक्ष ठेवून. तोंडात चार दात, पण जीभ धारदार. मला म्हणाली, "शहरात काय करायचास?" सांगितलं, गळत्या बंद करायचो. ती इतकी हसली की खोकला लागला.

"अरे बाबा, तू ज्याला गळती म्हणतोस ना, ते माझं शेत आहे!"

आजूबाजूच्या बायाही हसल्या. मीही हसलो, करतो काय. पण आतून फार झोंबलं. इतकं का झोंबावं कळेना. चूक झाली, कबूल केली, निस्तरतोय, मग विषय संपला. तरी दुपारभर ते वाक्य डोक्यात फिरत राहिलं.

जावई काय करतो हे कळल्यावर आजीने त्याच्यासमोर आ केला. त्याने हात धुतले, उजेडाकडे तोंड वळवायला सांगितलं आणि अगदी गंभीरपणे तपासलं. "आजी, हे चार दात चांगले आहेत. सांभाळा." ती म्हणाली, "सांभाळतेच. जावई आहेत ते माझे, चौघंही." सगळ्यांत मोठ्याने जावईच हसला. त्याला असं हसताना मी दोन वर्षांत पाहिलं नव्हतं.

संध्याकाळी तो पुन्हा दगडावर. मी लवंग काढून ठेवली.

बुधवार, १४

आज सगळं लिहायचं, काही गाळायचं नाही.

सकाळी पुन्हा लावणी सुरू केली. वाकून, मागे मागे सरकत, तीन-तीन रोपं अंगठ्याने चिखलात रोवायची. मी आणि जावई शेजारी शेजारी, दोघांची तोंडं खाली. बरंच अंतर गेल्यावर तो तसाच वाकलेला असताना म्हणाला, "बाबा, मी लग्न करावं म्हणतोय. तुम्हाला विचारल्याशिवाय नाही करणार."

मी तीन रोपं लावली. मग आणखी तीन. तो पोरीला मागणार म्हणून चार मुद्दे काढले होते, त्यातला एकही इथे लागू होत नव्हता.

"कुणाशी?" मी विचारलं.

"डॉक्टरीणबाईंशी."

"म्हणजे तुमची दाढ दुखत नव्हती."

"नाही, बाबा."

"मग दोन दिवस लवंग कशाला धरलीत?"

"तुम्ही इतक्या मायेने दिलीत."

मी कंबर सरळ केली. वर आभाळ पाहिलं, पण ते नीट दिसेना. डोळ्यांत पाणी आलं होतं आणि हात चिखलाचे, पुसू कशाने? रडलो. लपवत नाही. आजी बांधावरून बघत होती, बघू दे. माझी लेक हसायची कशी, पाण्याचा ग्लास अर्धा पिऊन कुठेही विसरायची कशी, हे सगळं एकदम वर आलं. आता दुसरी कुणी त्या दोन खोल्यांत वावरणार. मी तसं म्हणालोही. जे तोंडात आलं ते बोललो.

तो चिडला नाही. म्हणाला, "तिचे कपडे अजून कपाटात आहेत. मला वाटलं होतं, डॉक्टरीणबाईंना आवडणार नाही. पण त्या म्हणाल्या, राहू देत. भिंगरी मोठी झाली की तिला हवं ते ती काढून घेईल. मी त्याच दिवशी ठरवलं, बाबा."

मी बांधावरून रोपांची नवी जुडी आणली. मग विचारलं, "आणि भिंगरी? तिला नेणार?"

"तिला विचारलं मी, गेल्या महिन्यात. आवडेल म्हणाली. पण म्हणाली, बाबा, तुम्ही आजोबांना एकदम सांगू नका. त्यांना आधी कुठेतरी फिरायला न्या."

म्हणजे ही सहल हिने नाही ठरवली, माझ्या नातीने ठरवली! तिच्या आजीला, म्हणजे हिलाच, हाताशी धरून! नऊ वर्षांच्या पोरीने माझी समजूत कशी घालायची याची आखणी केली होती, आणि मी समजत होतो मी तिला सांभाळतोय.

आता ती गोष्ट, जी या वहीत मी आजवर लिहिलेली नाही. काम केलं की नोंद, हा नियम मी या एका बाबतीत मोडला.

जावई रोज संध्याकाळी साडेआठला घरी फोन करतो, भिंगरीशी बोलायला. फोन मी उचलतो. पहिल्या वर्षी एकदा ती खरंच झोपली होती. "झोपली," म्हटलं, आणि तो "बरं, उद्या करतो" म्हणाला. त्या संध्याकाळी आमच्या घरात आम्ही तिघंच राहिलो, शांत वाटलं. मग काही दिवसांनी ती चित्र काढत बसली होती तेव्हाही म्हटलं, "झोपली." मग आठवड्यातून एकदा. मग दोनदा, तीनदा. हिला सांगायचो, राँग नंबर होता. पोरीने विचारलं तर सांगायचो, "बाबा कामात असतील." तिचा चेहरा उतरायचा ते मी पाहायचो, आणि तिला मांडीवर घेऊन समजावायचोसुद्धा मीच.

कालपासून बांधावरच्या आजीचं वाक्य का झोंबत होतं ते मला तिथे, गुडघाभर चिखलात, कळलं. मी जावयाला सांगितलं. सगळं सांगितलं. "ती झोपलेली नसायची," म्हटलं.

त्याने हातातली रोपं लावून पूर्ण केली. मग म्हणाला, "माहीत होतं मला."

"कसं?"

"मागे तिचं गाणं ऐकू यायचं."

"मग एकदाही बोलला नाहीत? दीड वर्षं?"

त्याने माझ्याकडे पाहिलं. म्हणाला, "तुमची लेक गेली होती, बाबा. मी माझी मागायला कुठल्या तोंडाने येऊ?"

मी माझ्या हातातली अर्धी रोपं त्याला दिली.

शुक्रवार, १६

काल सकाळी आजी काठी टेकत सगळ्या बांधावरून फिरली. जावयाच्या ओळी सरळ, माझ्या वेड्यावाकड्या. सहा ठिकाणी काठीने दाखवलं, "हे परत." सहाही परत लावले. घरधन्याने बांधाचं तोंड उघडलं आणि पाणी खाली यायला लागलं. आजीने त्यात पाय बुडवून पाहिला, घोट्यापर्यंत येईना म्हणून वर घरधन्याला दोन शिव्या दिल्या, मग मला म्हणाली, "झालं. जा आता."

उतरताना मी जावयाला म्हटलं, "डॉक्टरीणबाईंना रविवारी घरी आणा. जेवायला." तो थांबला. मी म्हटलं, "चला, बस चुकेल." पुढे मी वळून पाहिलं नाही, कारण तो डोळे पुसत असणार आणि पुन्हा मलाही पुसावे लागले असते.

घरी आल्यावर हिला म्हटलं, "मला सगळं कळलंय." ही म्हणाली, "चला, गावात सगळ्यांत शेवटी." मग फोनचं सांगितलं. ही बसली. मग म्हणाली, "आणि मी दीड वर्षं त्या पोराला मनातल्या मनात बोल लावत होते, की दोन मिनिटं फोन होत नाही म्हणून." आज हिने मला जेवायला वाढलं, पण समोर बसली नाही. बरोबरच आहे.

भिंगरीला मी स्वतः सांगितलं. मांडीवर घेतलं नाही, समोर बसवलं. "बाबा कामात नसायचे. मी खोटं बोलायचो." तिने विचारलं, "का?" मी म्हटलं, "तू जाशील म्हणून." तिने थोडा विचार केला आणि म्हणाली, "मग मला सांगायचं ना. मी सांगितलं असतं की परत येईन." मग उठून खेळायला गेली. रात्री मात्र जेवताना माझ्याशी बोलली नाही. तेही बरोबरच आहे.

बुधवार, २८

बरेच दिवस लिहिलं नाही. डॉक्टरीणबाई दोनदा येऊन गेल्या. हसतमुख आहेत, पण मीठ कमी खातात आणि दुसऱ्याला कमी खायला सांगतात, ते मला पटलेलं नाही. भिंगरी एक तारखेपासून बापाकडे राहायला जाणार. शुक्रवार ते रविवार आमच्याकडे. तिकडची शाळा आम्ही चौघांनी जाऊन पाहिली. मी पाण्याची टाकी तपासली, झाकण नीट आहे. वेणी बापाला येते. मेणात दात बसवणाऱ्याला वेणी येणार नाही का, हे मला आधी सुचायला हवं होतं. माझे चारही मुद्दे असेच निघाले.

हिचा राग अर्धा उतरलाय.

आज शाळेत धावण्याच्या शर्यती होत्या. भिंगरी दुसरी आली. घरी येऊन सगळं सांगता सांगता जेवली आणि मोजे न काढताच आडवी झाली. साडेआठला फोन वाजला. मी उचलला. जावई म्हणाला, "झोपली का, बाबा?"

ती खरोखर झोपली होती. अगदी गाढ, तोंड उघडं टाकून. मी "झोपली" म्हटलं असतं तर खरं बोललो असतो.

मी तिला उठवलं. चांगली गदागदा हलवून उठवलं. ही स्वयंपाकघरातून ओरडली, "अहो, झोपू द्या की पोरीला!" पोर कुरकुरली, मला लाथ मारली, कूस बदलली. मी तिच्या कानाला फोन लावला आणि म्हटलं, "बाबा आहेत. बोल."

तिने डोळे उघडलेच नाहीत. तसंच म्हणाली, "बाबा, मी झोपलेय."

तिकडे तो इतका हसला की मला हातभर लांबून ऐकू आलं.